सुदामा भोजनालय, टेबल नंबर सात

१

दर गुरुवारी सकाळी अकरा वाजता ब्राह्मणपाऱ्यात यज्ञेश्वर काकांच्या ओसरीवर तीन म्हातारे बसायचे आणि रायपुरातल्या बंद पडलेल्या हॉटेलांच्या आठवणी काढायचे. पुष्करच्या मते हा गुन्हा नव्हता, पण असायला हवा होता.

तिघांतले एक त्याचे बाबा. दिवाकरराव. सरकारी खात्यात बाबू होते, आता रिटायर. यज्ञेश्वर काका शाळामास्तर, आणि तिसरे मारोती काका, रेल्वेतले, गुढियारीहून स्कूटीवर यायचे. बाबांचं डोळ्याचं ऑपरेशन झाल्यापासून त्यांना बाईकवर आणून सोडायचं काम पुष्करच्या गळ्यात पडलं होतं. सोडलं की लगेच निघावं तर तेही नाही. चहा घेतल्याशिवाय हलायचं नाही, आणि चहा घ्यायचा म्हणजे ऐकायचं.

"सुदामाची कढी आठवते काय बे?" यज्ञेश्वर काका विचारायचे.

"न आठवाले का झालं? पातळ राहे. पण मेथीदाण्याची फोडणी अशी..."

"मेथीदाणा नाही, मारोती." बाबा डोळे मिटून दुरुस्ती करायचे. "सुकी मिरची अन् कढीपत्ता. मेथीदाणा तो स्टेशनजवळच्या हॉटेलवाल्याचा."

"हव, हव. बरोबर."

पुष्कर तेवीस वर्षांचा. इंजिनिअरिंग तिसऱ्या वर्षाला सोडलं त्याला दोन वर्षं झाली होती. सध्या तो ॲपवाल्यांचा टी-शर्ट घालून चालू असलेल्या हॉटेलांचं जेवण घरोघरी पोचवायचा. बंद पडलेल्या हॉटेलांचं जेवण हे तिघं बसल्या जागी एकमेकांना पोचवायचे, आणि वरून त्यालाच नावं ठेवायचे.

"तुमच्या त्या पिशवीतल्या जेवणाले का चव राहते रे?" मारोती काका म्हणाले. "सुदामात जेवला असता तर समजलं असतं."

"मग बंद काहून झालं?" पुष्कर म्हणाला. "एवढं भारी होतं तर तुम्ही लोकं जात काहून नव्हते? नवीन एसीवाली हॉटेलं निघाली तर तिकडं पळाले. मेल्यावर रडायची चांगली सवय आहे तुम्हाले."

मग यज्ञेश्वर काका मास्तरी आवाजात म्हणाले, "थर्ड इयरले सोडलं ना कॉलेज? त्याले जेवण काय अन् शिक्षण काय, अर्धं सोडून उठायचीच सवय."

सगळे हसले. बाबा सगळ्यात जास्त.

त्या दिवशी विषय बसायच्या जागेवर आला. सुदामात आठच टेबलं, आणि दुपारी साडेबारानंतर गर्दी अशी की जेवणाऱ्याच्या खुर्चीमागे जाऊन उभं राहावं लागे. हात खुर्चीच्या पाठीवर, नजर त्याच्या ताटात. तो ताक प्यायला लागला की समजायचं, आता उठतो.

"अन् आपला नियम होता," बाबा म्हणाले. "आपल्या माणसासाठीच उठायचं. मागे आपला कोणी येऊन उभा राहिला नाही तर बसून राहायचं. पुन्हा भात मागायचा. पण आपल्या सात नंबरच्या टेबलाची जागा परक्याले नाही द्यायची."

"नाहीच द्यायची," यज्ञेश्वर काका म्हणाले, आणि कुणास ठाऊक का, अंगणाकडे पाहू लागले.

निघताना बाबांनी ढेकर दिली. पोटभर जेवलेल्या माणसाची, लांब, समाधानाची. मग खिशातून रुमाल काढून बोटं पुसली. बाईक सुरू करता करता पुष्करची नजर गेली. पांढऱ्या रुमालावर पिवळे, तेलकट डाग उमटले होते.

ओसरीवरच्या बशीत मारी बिस्किटं होती. तीही तशीच पडलेली.

२

घरी आईनं ताट वाढलं. बाबांनी हात जोडले. "पोट भरलं आहे."

हे काही पहिल्यांदा नव्हतं. होळीनंतर केव्हातरी सुरू झालं. आधी एक पोळी कमी, मग नुसता भात, मग तोही नाही. रोज बारा वाजता बाबा कपडे करून निघायचे, ई-रिक्षात बसायचे, आणि दोनच्या सुमाराला परत येऊन पलंगावर आडवे व्हायचे. कूलरसमोर. तृप्त.

तृप्त माणूस जाड व्हायला हवा. बाबांचं वजन सत्तर होतं, ते आता चौपन्न. पट्ट्याला पुष्करनं स्वतः खिळ्यानं दोन नवी भोकं पाडून दिली होती. गालांची हाडं वर आलेली, बनियनच्या बाहेर मानेच्या शिरा. डॉक्टरांनी सगळ्या तपासण्या केल्या. शुगर ठीक, पोट ठीक, छातीचा फोटो ठीक. शेवटी ते म्हणाले, "हे जेवत नाहीत. यांना खाऊ घाला."

"मी दोन वेळा पोटभर जेवतो," बाबा दुखावून म्हणाले होते.

आईचा, पद्मिनीबाईंचा, निष्कर्ष वेगळा होता. तिनं तो रुमाल नाकाशी धरला.

"मुनगा-बडीचा रस्सा आहे हा. शेवग्याच्या शेंगेचा वास लपते काय? अन् बडी घरची आहे, दुकानातली नाही." तिनं रुमाल बादलीत टाकला. "कोणाच्या घरी जेवून येतात कोण जाणे. पस्तीस वर्षं माझ्या हातचं खाल्लं, आता बेचव झालं."

"आई, असं काही नसेल."

"मग कसं आहे? तू तर दिवसभर गावभर फिरतो. लोकांच्या दारात डबे नेऊन देतो. तुझा बाप कोणाच्या दारात जेवते हे नाही पाहता येत तुले?"

पुष्करला राग आला. आईचा नाही, बाबांचा. या माणसानं त्याला आयुष्यभर एकच प्रश्न विचारला होता, 'तू करतो काय दिवसभर?' आता तो प्रश्न उलटा विचारायची वेळ आली होती.

३

दुसऱ्या दिवशी त्यानं ॲप बंद केलं आणि ई-रिक्षाच्या मागे बाईक लावली. रिक्षा सदर बाजाराकडे गेली आणि मागच्या रस्त्यावर थांबली. ऊन असं की डांबर चटके देत होतं. बाबा उतरले, शर्ट नीट केला, केसांवरून हात फिरवला. मग रस्ता ओलांडायला लागले. अर्ध्या रस्त्यात असताना मधून एक सिटी बस गेली.

बस गेल्यावर रस्त्यात बाबा नव्हते.

पलीकडच्या फुटपाथवर नव्हते. अलीकडेही नव्हते. पुष्करनं स्वतःला समजावलं: बसच्या आडून गल्लीत शिरले असतील, तिकडे गल्ली असेलच. त्यानं जाऊन पाहिलं. गल्ली नव्हती. सलग दुकानं होती, आणि त्यांतलं एक त्याच्या ओळखीचं निघालं.

धर्मपाल त्याचा शाळेतला दोस्त. मोबाईलची कव्हरं, काचा, चार्जर विकायचा. दुकान जेमतेम पाच फूट खोल. आत माणूस शिरला की माल बाहेर काढावा लागेल असं.

"अरे पुष्कर भैया! आज बिना पार्सल के?"

"बाबाले पाहिलं काय इकडं?"

"येतील ना आता. त्यांचा टाइम एक-सव्वाएकचा." धर्मपालनं सहज सांगितलं. "रोज येतात, आतल्या बेसिनवर हात धुतात, जातात. मी म्हटलं अंकल, पानी पिओगे? बोलतच नाहीत. खुश राहतात एकदम."

"फक्त हात धुवाले येतात?"

"हव. खरकटे हात राहतात यार. बेसिन पूरा पिवळा करून टाकतात, मी रोज घासतो."

"जेवतात कुठं?"

"ते मले काय माहीत? रस्त्याकडून येतात." धर्मपालनं काउंटर पुसता पुसता बाहेर बोट दाखवलं. "इथं पहले हॉटेल होती. सुदामा का काय. रोड चौडा केला तेव्हा पूरी तोडली. सामनेचा हॉल गेला, मागचे हे पाच फूट राहिले. हे बेसिन त्या हॉटेलचंच आहे, बघ, टाइल्स पण जुन्या."

पुष्करनं बाहेर पाहिलं. जिथे सुदामाचा हॉल असेल तिथे आता रस्त्याच्या दोन लेन होत्या. ई-रिक्षा, ऊस नेणारा टेम्पो, एक सांड.

एक वाजून दहा मिनिटांनी त्या रस्त्यातून बाबा आले. कुठून आले हे पुष्करला नीट दिसलं नाही, आणि याचीच त्याला सर्वांत जास्त चीड आली, कारण तो सारखा तिकडेच पाहत होता. उजवा हात त्यांनी अंगापासून लांब धरला होता, जेवून उठलेला माणूस धरतो तसा. ते पुष्करच्या अगदी जवळून गेले. त्यांना तो दिसला नाही. त्यांनी हात धुतले, रुमालानं पुसले आणि रिक्षाला हात दाखवून निघून गेले.

बेसिनमध्ये एक कढीपत्त्याचं पान अडकलं होतं. ओलं, तळलेलं.

४

पुढच्या दिवशी तो आधीच जाऊन बसला. साडेबाराला बाबा उतरले, रस्त्यात शिरले, मधे एक ट्रक आला. पुष्कर धावला नाही. धावून काय करणार होता? रस्त्याच्या मध्ये उभं राहून 'बाबा' म्हणून ओरडणार होता?

"चेहरा तर धुऊन घे," धर्मपाल म्हणाला. "लू लागेल तुले."

तो आत गेला. दोन पावलं, बस. बेसिनवर एक जुना आरसा होता, कडांनी पारा उडालेला, खाली पुसट लाल अक्षरांत 'कृपया पाणी जपून वापरा'. त्यानं तोंडावर पाणी मारलं. पाण्याच्या आवाजात दुसरा आवाज मिसळलेला होता. स्टीलच्या ताटावर पळी आपटल्याचा. छताच्या पंख्याचा, ज्याला दर फेऱ्याला एक ठोका पडतो. आणि पुष्कळ माणसं एकाच ठिकाणी न बोलता जेवतात तेव्हा होतो, तो आवाज.

त्यानं डोळे उघडले.

आरशात त्याच्या मागे धर्मपालचा काउंटर असायला हवा होता आणि त्यापलीकडे रस्ता. आरशात एक लांब खोली होती. हिरव्या रंगाच्या भिंती, टेबलं, टेबलांवर माणसं. प्रत्येक खुर्चीमागे एक माणूस उभा होता. हात खुर्चीच्या पाठीवर, मान खाली, नजर बसलेल्याच्या ताटात. बसलेल्यांची ताटं कोरडी होती. घासून पालथी करून ठेवलेली ताटं पुन्हा सुलटी करावी तशी. तरी त्यांचे हात ताटातून तोंडाकडे जात होते, येत होते.

सगळ्यात जवळच्या टेबलावर, त्याच्याकडे पाठ करून, बाबा बसले होते. मानेवरचे केस काळे होते, पण मान त्यांचीच. फक्त त्यांच्या ताटात जेवण होतं. वाफ निघत होती. ते भराभर जेवत होते, आणि आसपासचे सगळे, बसलेले आणि उभे असलेले, आता बाबांच्या तोंडाकडे पाहू लागले.

पुष्करच्या डोक्यात त्या क्षणी एकच हिशेबी विचार आला, आणि त्याला धीरही वाटला: बाकी सगळ्यांच्या मागे कुणी ना कुणी उभं आहे. बाबांच्या खुर्चीमागे कुणी नाही.

तो गर्रकन वळला. कव्हरं टांगलेली होती. धर्मपाल एका बाईला काच चिकटवून देत होता. बाहेर सांड अजून तिथेच होता.

"पानी तो बंद कर बे," धर्मपाल म्हणाला.

५

उन्हानं डोकं फिरतं. रिकाम्या पोटी फिरतं. रात्री नीट झोप झाली नाही की फिरतं. ही सगळी कारणं पुष्करनं स्वतःला दिली आणि मग बाईक सरळ ब्राह्मणपाऱ्यात घातली, कारण कारणं देऊन बापाचं वजन वाढणार नव्हतं.

गुरुवार नव्हता, पण मारोती काका तिथेच होते. दोघं पेपर वाचत बसले होते.

"तुमची ही बैठक बंद," तो चप्पल न काढताच म्हणाला. "आजपासून सुदामाचं नाव काढायचं नाही. बाबांसमोर तर नाहीच, आपसातही नाही."

"काहून बे? झालं काय?"

"बाबा मरून राहिले, ते झालं. चौपन्न किलो उरले. तुम्हाले दिसत नाही काय? दर गुरुवारी त्याईच्या हाडाकडे पाहून कढीच्या गोष्टी करता. लाज कशी नाही वाटत?"

मारोती काकांनी पेपर खाली ठेवला. "पोट्ट्या, तोंड सांभाळून. आम्ही त्याचे चाळीस वर्षांचे दोस्त आहो."

"दोस्त आहा म्हणून तर विचारून राहिलो."

यज्ञेश्वर काका आपल्या मनगटाकडे पाहत होते. भरलेलं, गुबगुबीत मनगट. पुष्करला एकदम आठवलं, मागच्या दिवाळीला हा माणूस काठीसारखा झाला होता. बाबा तेव्हा रोज त्यांना बघायला जायचे. कॅन्सर असेल असं सगळे हळू आवाजात म्हणायचे. मग होळीला ते बरे होऊन गुलाल खेळले होते.

"काका. तुम्ही कसे बरे झाले?"

"औषधानं."

"कोणत्या?"

त्यांनी हातातल्या पेपरची घडी घातली. मग मास्तर हलक्या आवाजात म्हणाले, "दिवाकर आला होता ना. मले शोधत आला. मागे येऊन उभा राहिला."

"अन् तुम्ही उठले?"

"घरच्या जेवणाची भूक लागली होती रे," यज्ञेश्वर काका म्हणाले. त्यांचे डोळे भरून आले होते, आणि पुष्करला त्या डोळ्यांची किळस आली. "तुले नाही समजणार. उठल्यावर पहिला घास घरच्या वरणाचा घेतला. वाटलं, दिवाकरही उठेल. कोणी ना कोणी मिळेल त्याले."

"मग तुम्ही जा ना परत! तुमची जागा आहे."

मास्तरांनी मान हलवली. नकार होता. साधा, म्हाताऱ्या माणसाचा, निर्लज्ज नकार.

"बंद," पुष्कर म्हणाला. "एक शब्दही काढला तर ही ओसरी फोडून टाकीन."

त्यांनी ऐकलं. धमकीला घाबरून नाही. ऐकण्यात त्यांचं काही जात नव्हतं.

६

बैठक थांबली आणि बाबांचं बारा वाजताचं बाहेर जाणं दोन दिवसांत सुटलं. आईनं देवापुढे साखर ठेवली. तिसऱ्या दिवशी बाबा कपडे करून दारापर्यंत गेले आणि परत आले.

"आज सुदामा बंद आहे," ते म्हणाले. लहान मुलासारखा चेहरा झाला होता. "भूक लागली आहे, पद्मिनी."

आईनं पोळी केली, वरण, वांग्याची भाजी, वर तूप. बाबांनी घास घेतला. चावला. चावत राहिले. पाच मिनिटं तोच घास चावत राहिले आणि मग तो तळहातावर काढला. कापूस चावल्यासारखा कोरडा, पांढरा गोळा.

"जात नाही."

दूध गेलं नाही. पेज गेली नाही. ज्या माणसानं पस्तीस वर्षं भाजीच्या मिठाला नावं ठेवली, तो आता हात जोडून म्हणायचा, "तुझं काही चुकलं नाही, पण लागतच नाही गं." हे ऐकून आई मोरीत जाऊन रडायची. सलाईन लावलं. डॉक्टर म्हणाले भरती करा, केलं, चार दिवसांनी म्हणाले घरी घेऊन जा. वजन शेहेचाळीस.

आधी निदान ढेकर तरी यायची. आता पुष्करनं तीही बंद पाडली होती. शिव्या द्यायला समोर कुणी नव्हतं, म्हणून तो रिकाम्या रस्त्यावर हेल्मेटच्या आत शिव्या द्यायचा. म्हाताऱ्यांना, सुदामाला, रस्ता रुंद करणाऱ्यांना, आणि शेवटी स्वतःला. आयुष्यात एकदा बापासाठी काही केलं आणि ते असं झालं.

धर्मपालचा फोन आला. "अंकल आले नाहीत हफ्ताभर. बेसिन कोरडा आहे." मग म्हणाला, "भैया, पण आतून आवाज येऊन राहिला. खुर्च्या सरकवल्यासारखा. मी दुकान लवकर बंद करून राहिलो."

७

रविवारी दुपारी साडेबाराला आईनं पुन्हा ताट वाढलं. बाबांना पलंगावरून उचलून टेबलाशी बसवलं. ते खुर्चीत सरळ बसू शकत नव्हते. पुढे कलायचे. म्हणून पुष्कर मागे उभा राहिला आणि त्यानं खुर्चीच्या पाठीशी त्यांचे खांदे धरून ठेवले. हातांखाली नुसती हाडं.

"खा ना हो," आई म्हणाली. "एक घास."

बाबांनी ताटाकडे पाहिलं. हात उचलला नाही.

काय करावं हे पुष्करला ठाऊक होतं. चार दिवसांपासून ठाऊक होतं आणि तो ते टाळत होता. त्यानं घसा साफ केला.

"सुदामाची कढी," तो म्हणाला. "पातळ होती."

आईनं चमकून वर पाहिलं.

"मेथीदाणा नाही. सुकी मिरची अन् कढीपत्ता. भिंती हिरव्या. पंखा होता, त्याले दर फेऱ्याले ठोका पडे. मुनगा-बडीचा रस्सा गुरुवारी, अन्... अन् बडी घरची, कोणत्यातरी बाईनं छतावर वाळवलेली." हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं. "पळी ताटावर वाजवून विचारत, भात? रस्सा?"

बाबांचा हात हलला. ताटात गेला, तोंडाकडे आला. घशाची घाटी वर-खाली झाली. गिळलं! आईनं दोन्ही हात तोंडावर दाबले. दुसरा घास. तिसरा. पण आईच्या ताटातली पोळी जिथल्या तिथे होती. भाजीला बोट लागलं नव्हतं. बोटं मात्र पिवळी व्हायला लागली होती, आणि हातांखालचे खांदे आणखी हलके.

आता थांबलं पाहिजे. नाही, आता बाहेर काढलं पाहिजे.

"बाबा, जेवण झालं," पुष्कर म्हणाला. "ताक आलं. ताक प्या. पोट भरलं. आता उठा, घरी जायचं. उठा ना."

बाबा थांबले. मान किंचित वळवली, पण मागे पाहिलं नाही.

"उठतो," ते म्हणाले. आवाज तरुण होता. "पण मागे कोण उभं आहे?"

आणि पुष्करला आरसा दिसला. बेसिन, त्याच्यापुढे तो स्वतः, ओला चेहरा, आणि त्याच्या पाठीला जवळजवळ लागून बाबांची खुर्ची. सगळ्यांच्या मागे माणूस होता. बाबांच्याही मागे होता. त्यानं मोजताना स्वतःला धरलं नव्हतं.

कुणी नाही, असं म्हणता आलं असतं. मग बाबा बसून राहिले असते. भात मागत राहिले असते. चव्वेचाळीस, बेचाळीस. नाहीतर तो हात काढून घेऊ शकत होता. यज्ञेश्वर काकांसारखा अंगणाकडे पाहू शकत होता. अर्धं सोडून उठायची त्याला सवय होतीच, सगळे तेच म्हणायचे.

"मी आहे, बाबा."

"पुष्कर?" बाबा मनापासून हसले. "मग इतक्या वेळचा बोलत काहून नाही? बस."

ते उठले. कुणी न धरता, एका झटक्यात. खुर्ची सरकवून बाजूला झाले आणि पलीकडे जाऊन आईशेजारी बसले, तेव्हा त्यांचे पाय लटपटत होते, आजारी म्हाताऱ्याचे असतात तसे, आणि चेहऱ्यावर घाम होता. त्यांनी आईपुढचं वरणाचं भांडं ओढलं. पोळीचा तुकडा बुडवला, तोंडात घातला आणि तोंड वाकडं केलं.

"मीठ टाकलं नाही काय यात?"

आई हसली, रडली, पुन्हा हसली. "टाकते ना! आता टाकते!" तिनं मीठ घातलं, तूप वाढलं, दुसरी पोळी, तिसरी. बाबा बकाबका खात होते आणि मधेच बोलतही होते. या घरात कूलरमध्ये पाणी कोणी टाकत नाही, दवाखान्यात इतके दिवस कशाला ठेवलं, हा पोट्टा कामावर काहून गेला नाही.

पुष्कर केव्हा बसला ते त्याला समजलं नाही. खुर्ची समोर होती, तो बसला. आईनं त्याच्यासमोर ताट ठेवलं. त्यातून वाफ येत होती. ती त्याच्या चेहऱ्याला लागत नव्हती. त्यानं एक घास तोंडात घातला आणि चावू लागला. डोक्यावर पंख्याचा ठोका पडला. एक. मग दुसरा. डाव्या-उजव्या बाजूला कुणीतरी दाटीवाटीनं बसलेलं होतं, आणि त्यांच्या कोपरांचा धक्का लागत होता.

"काय रे, नुसता चावत काहून बसला?" आई म्हणाली. ती पळी घेऊन टेबलाला वळसा घालून आली आणि त्याच्या मागे उभी राहिली. एक हात तिनं खुर्चीच्या पाठीवर ठेवला.

"आई, मागून हट."

"काहून?"

"हट म्हटलं ना! समोर जा. मागे उभी राहू नको!"

"आईशी असं बोलतात?" बाबा भरल्या तोंडानं गरजले. "एवढं तिनं केलं आपल्यासाठी, अन् हा पाहा! हीच शिकवण काय?"

"ओरडू नका हो. पोरगं थकलं आहे, किती दिवसांचं उपाशी." आईनं दुसऱ्या हातानं त्याच्या केसांवरून हात फिरवला आणि वाकून त्याच्या ताटात पाहिलं. "तू जेव बाळा. तू पोटभर जेवल्याशिवाय मी इथून हलत नाही."